बस कोणाची, कोर्ट कोणाचे आणि हरकत कोणाची?



२७ फेब्रुवारी २०२५ रोजी मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने इंदूरची बीआरटीएस हटवण्याचा आदेश दिला. त्याच आठवड्यात मंडळाची बैठक होती. बैठक संपून चहा सुरू झाला आणि आपल्या मंडळींना जो आनंद झाला, तो मी अजून विसरलेलो नाही. "गेली एकदाची ती रेलिंग!" "आता पलासियाला पाच मिनिटांत पोचू!" "कोर्टाने चांगला दणका दिला!" बोलणाऱ्या सगळ्यांच्या मोटारी बाहेर उभ्या होत्या. भंवरकुआकडून बसने येणाऱ्या एक काकू कोपऱ्यात बसून ऐकत होत्या. त्यांनी हळूच विचारले, "मग आता माझी बस कुठे थांबणार?"

कोणी उत्तर दिले नाही. एकाने "होईल काहीतरी व्यवस्था, काकू" असे म्हणून विषय संपवला. मीही गप्प राहिलो, कारण मलाही उत्तर ठाऊक नव्हते. घरी गेल्यावर मात्र त्या प्रश्नाने झोप लागू दिली नाही. बारा वर्षे एक प्रकरण न्यायालयात चालले. त्याच्या मध्यभागी बस होती. त्या बसमध्ये रोज बसणारी बाई शेवटी आपल्यालाच विचारते की माझे काय. आणि तिला उत्तर द्यायला ना सरकार, ना निगम, ना याचिकाकर्ता, ना आपले मंडळ! हा लेख त्या काकूंच्या प्रश्नावर आहे. काहींना तो कडू लागेल. लागू द्या.

आधी हिशेब मांडू

मी बँकेत काउंटरवर बसणारा माणूस, वाणिज्य शाखेचा पदवीधर, वकील नव्हे. त्यामुळे आधी जमा-खर्च मांडतो.

२००५ साली इंदुरात शहर बस चालवण्यासाठी एक कंपनी स्थापन झाली. इंदूर महानगरपालिका, म्हणजे आपले निगम, आणि इंदूर विकास प्राधिकरण हे तिचे मालक. पुढे केंद्राच्या नेहरू नागरी नूतनीकरण योजनेतून आग्रा-मुंबई रस्त्यावर निरंजनपूरपासून राजीव गांधी चौराह्यापर्यंत सुमारे साडेअकरा किलोमीटरचा खास बसमार्ग बांधला गेला आणि २०१३ मध्ये त्यावर बस धावू लागली. मधोमध बसची मार्गिका, मधोमध थांबे, बसच्या तळाच्या उंचीचा फलाट. गुडघे दुखणाऱ्या माणसाला पायरी चढावी लागत नव्हती. काकूंना ही बस का आवडत होती ते यात आले. जीपीओच्या थांब्यावर उतरून त्या रुग्णालयात जात. जिना नाही, रिक्षावाल्याशी घासाघीस नाही.

त्याच २०१३ सालापासून उच्च न्यायालयात जनहित याचिका सुरू झाल्या. म्हणणे असे की रस्त्याचा मोठा भाग थोड्या बससाठी राखून ठेवला आणि बाकीची वाहने कोंडीत टाकली. सुरुवातीच्या काळात अंतरिम आदेशाने मोटारींना काही काळ बसच्या मार्गिकेत सोडलेही होते. पुढे मार्गिका पुन्हा बसकडे आली. प्रकरण चालतच राहिले. २०२४ मध्ये न्यायालयाने तज्ज्ञांची समिती नेमली. समितीचा अहवाल यायचा होता, त्याआधीच नोव्हेंबर २०२४ मध्ये मुख्यमंत्र्यांनी जाहीर करून टाकले की इंदूरची बीआरटीएस काढणार. भोपाळची जानेवारी २०२४ पासून काढायला घेतलीच होती. मग समितीचा अहवालही तसाच आला, सरकार तर आधीच तयार होते, आणि न्यायालयाने आदेश दिला. पुढे ती मोडण्याचे काम इतके रेंगाळले की त्याबद्दलही न्यायालयाला जाब विचारावा लागला.

आता सांगा, या खतावणीत प्रवाशाचे खाते कोणत्या पानावर आहे?

बीआरटीएस निर्दोष होती, असे मी म्हणत नाही. रस्ता काही ठिकाणी अरुंद होता. दोन्ही बाजूंच्या मार्गिकांत गाड्या तुंबत. थांब्यावर जायला धावत्या वाहनांमधून रस्ता ओलांडावा लागे, त्यात म्हाताऱ्यांचे हाल होत. साडेअकरा किलोमीटरपुढे सुदामा नगर, राजवाडा, रामबाग या आपल्या जुन्या वस्त्यांना तिचा थेट उपयोग नव्हता. हे सगळे खरे. पण एखाद्या वस्तूत दोष आहेत म्हणून ती काढायची, तर तिच्याऐवजी काय देणार हे काढण्यापूर्वी विचारायचे असते. घराचे छप्पर गळते म्हणून कोणी पावसाळ्याच्या तोंडावर घर पाडत नाही. पाडलेच, तर मुलाबाळांना कुठे ठेवणार ते आधी ठरवतो. इथे ते कोणी विचारले?

गाड्या मोजायच्या की माणसे?

या वादात सगळ्यात मोठी लबाडी मोजण्याच्या पद्धतीत आहे. चौराह्यावर उभे राहून किती वाहने कोंडली ते मोजले, तर बसची मार्गिका नेहमी रिकामीच दिसणार. साठ माणसांची बस आली तरी ती एकच वाहन. तेवढीच माणसे मोटारीतून निघाली तर चाळीस मोटारी रस्त्यावर येतात. म्हणजे चाळीस मोटारवाल्यांची गैरसोय दिसते आणि साठ बसवाल्यांची दिसतच नाही. आमच्या शाखेत कोणी फक्त व्हाउचर मोजून, रकमा न बघता दिवसाचा ताळेबंद जुळवला, तर त्याला दुसऱ्या दिवशी मेमो मिळेल.

हाच वाद २०१२ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयासमोर आला होता. आंबेडकर नगर ते मूलचंद हा ५.८ किलोमीटरचा बसमार्ग रद्द करावा, अशी जनहित याचिका होती. एका केंद्रीय संस्थेचा अहवालही बसमार्गाच्या विरुद्ध गेला होता. तरीही १८ ऑक्टोबर २०१२ रोजी न्यायालयाने याचिका फेटाळली. रस्त्याचा विचार वाहनांच्या हिशेबाने करायचा की माणसांच्या, हा मुद्दा न्यायालयाने नीट पाहिला, आणि असे धोरण ठरवणे सरकारचे काम आहे, असे सांगितले. म्हणजे प्रवाशाचा विजय झाला म्हणायचा! पण मंडळी, पुढे काय झाले तेही पाहा. २०१५ मध्ये दिल्लीतल्या नव्या सरकारने तोच मार्ग काढून टाकायचे ठरवले आणि २०१६ च्या सुरुवातीला तो उखडायला सुरुवात झाली. कोर्टात जिंकलेली गोष्ट मंत्रालयात हरली.

दिल्लीत न्यायालयाने बसमार्ग राखला, इंदुरात हटवायला लावला. दोन्हीकडे शेवट एकच. याचा अर्थ न्यायालय वाईट आहे असा नाही. ज्या कामासाठी न्यायालय नाही, ते काम आपण त्याच्या गळ्यात घालतो, असा आहे. बस कुठून जावी, किती वाजता जावी, कुठे थांबावी हे ठरवायला न्यायाधीश बसलेले नाहीत. निर्णय घेणाऱ्याने कायद्याने सांगितलेल्या पायऱ्या पाळल्या का, ज्याचे ऐकायला हवे होते त्याचे ऐकले का, हे ते पाहतात. ज्याने हरकतच नोंदवली नाही, त्याचे ऐकले नाही अशी तक्रार कोणी कशी करणार?

कृष्णा जिल्ह्यातल्या बसवाल्यांची गोष्ट

ही गोष्ट जुनी आहे, पण वकील मंडळी ती अजून सांगतात. १९५० च्या दशकात आंध्र प्रदेश सरकारने कृष्णा जिल्ह्यातले बसमार्ग राज्य परिवहन महामंडळाकडे घेण्याची योजना काढली. खासगी बसवाल्यांनी मुदतीत हरकती घेतल्या. सुनावणी परिवहन खात्याच्या सचिवांनी घेतली आणि निर्णय मुख्यमंत्र्यांनी दिला. बसवाले सर्वोच्च न्यायालयात गेले. १९५९ मध्ये न्यायालयाने योजना रद्द केली. ऐकणारा एक आणि ठरवणारा दुसरा, ही सुनावणी नव्हेच; शिवाय ज्या खात्याची योजना, त्याच खात्याचा प्रमुख न्याय देणार, हेही चालायचे नाही, असे न्यायालय म्हणाले. बसवाल्यांनी पेढे वाटले असतील! पण मग मुख्यमंत्र्यांनी स्वतः बसून सुनावणी घेतली, पुन्हा तोच निर्णय दिला, आणि या खेपेस सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला.

यातून दोन गोष्टी शिकायच्या. एक, न्यायालयातला विजय बहुतेक वेळा "पुन्हा नीट ऐका" एवढाच असतो. ऐकून घेतल्यावर निर्णय बदलेलच याची हमी नाही. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची: तो "पुन्हा ऐका" सुद्धा त्यांनाच मिळाला, ज्यांनी मुदतीत, लेखी हरकत घेतली होती. बसवाल्यांनी घेतली. त्या बसमध्ये बसणाऱ्या हजारो लोकांचे नाव त्या कागदांत कुठे नव्हते. सत्तर वर्षे होत आली, चित्र तेच आहे.

हैदराबादेतल्या आपल्या नातेवाइकांना २०१९ चा ऑक्टोबर आठवत असेल. ५ ऑक्टोबरपासून तेलंगणातल्या परिवहन महामंडळाचे सुमारे ४८ हजार कर्मचारी संपावर गेले. तो संप ५२ दिवस चालला. सरकारने ५,१०० मार्ग खासगी बसना खुले करण्याचा निर्णय घेतला, त्याला उच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आणि २२ नोव्हेंबरला ते फेटाळले गेले. सरकार म्हणाले आम्हाला अधिकार आहे, संघटना म्हणाल्या आमच्या नोकरीचे काय, न्यायालयाने कायदा पाहिला. संप मिटला, कर्मचारी परत कामावर आले, आणि डिसेंबरमध्ये तिकीट किलोमीटरमागे २० पैशांनी वाढले. सगळ्या भांडणाचे बिल शेवटी कोणाच्या नावावर फाटले, ते सांगायला नको.

कायदा प्रवाशाला काय देतो?

इथे मला आपल्या मंडळींचा एक गैरसमज मोडायचा आहे. "अन्याय झाला तर अपील करू" असे आपण सहज म्हणतो. कोणाकडे? १९८८ च्या मोटार वाहन कायद्याचे कलम ८९ काढून पाहा. राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणाकडे कोण जाऊ शकतो? ज्याला परमिट नाकारले तो, ज्याच्या परमिटला नको ती अट घातली तो, ज्याचे परमिट रद्द किंवा निलंबित झाले तो, ज्याचे नूतनीकरण झाले नाही तो. ही सगळी यादी परमिटवाल्यांची आहे. तिच्यात प्रवासी नाही. बसमालकाला दार आहे, प्रवाशाला भिंत आहे. प्रवाशाने थेट उच्च न्यायालयाची पायरी चढायची, वकिलाची फी भरायची आणि तारखा मोजत बसायचे. काकूंना हे जमेल का? तुम्हाला तरी जमेल का?

पण त्याच कायद्यात एक खिडकी उघडी ठेवली आहे, आणि तिच्यापाशी आपण कधी उभेच राहत नाही. सरकारला एखादा मार्ग किंवा विभाग सरकारी परिवहन संस्थेकडे पूर्णतः किंवा अंशतः सोपवायचा असेल, तर त्याची योजना राजपत्रात आणि त्या भागातल्या प्रादेशिक भाषेच्या निदान एका वर्तमानपत्रात छापावी लागते. कलम १०० म्हणते की राजपत्रातल्या प्रसिद्धीपासून तीस दिवसांत "कोणतीही व्यक्ती" हरकत घेऊ शकते. फक्त बसमालक नव्हे, फक्त नगरसेवक नव्हे, कोणतीही व्यक्ती! हरकत घेतली आणि हरकतदाराला बोलायचे असेल, तर त्याचे ऐकून मगच योजना मंजूर करायची किंवा बदलायची. मंजूर योजना पुढे रद्द करायची किंवा बदलायची झाली, तरी कलम १०२ प्रमाणे ज्यांच्यावर परिणाम होईल त्यांना म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते.

इंदूरहून जळगाव, धुळे, पुण्याकडे जाणाऱ्या बसचेही तसेच. दोन राज्यांना परमिटांची संख्या ठरवणारा करार करायचा असेल, तर कलम ८८ प्रमाणे तो प्रस्ताव दोन्ही राज्यांनी राजपत्रात आणि प्रादेशिक वर्तमानपत्रांत छापायचा आणि निवेदनांसाठी निदान तीस दिवस द्यायचे. आपल्यापैकी किती घरांची सून-जावई महाराष्ट्रात आहेत? दिवाळीला आणि मे महिन्यात आपली निम्मी वस्ती त्या बसमध्ये असते. दर वर्षी आपण खासगी गाड्यांचे चढे भाव मुकाट देतो आणि घरी येऊन सरकारच्या नावाने बोटे मोडतो. त्या करारांवर आजवर आपल्या मंडळाने एक निवेदन पाठवले आहे का? माझ्या माहितीत नाही. माझी माहिती चुकीची असेल तर मला आनंदच होईल. पोच दाखवा.

तीन सबबी

यावर आपल्यात तीन सबबी नेहमी ऐकू येतात. तिन्हीला उत्तर देतो.

पहिली सबब: "आपण इथे मूठभर मराठी. आपले कोण ऐकणार?" हरकत म्हणजे मतदान नव्हे. तिथे डोकी मोजत नाहीत, कागद वाचतात. एका माणसाची मुदतीत आलेली, मुद्देसूद हरकत वाचल्याशिवाय निर्णय घेतला, तर तेवढ्यानेही पुढे न्यायालयात प्रश्न उभा राहतो. संख्येची उणीव भरून काढण्याचे याहून स्वस्त साधन मला तरी माहीत नाही. शिवाय बसच्या रांगेत मराठी, हिंदी, सिंधी, मुसलमान सगळेच उभे असतात. थांबा मागायला आपण उभे राहिलो, तर शेजारी आपल्याबरोबर येतील. त्यासाठी भाषेचा वाद लागत नाही.

दुसरी सबब: "संस्थेने राजकारणात पडू नये." निवडणुकीच्या वेळी आपल्या व्यासपीठावर कोण कोण येऊन हार घालून गेले, ते मी लिहीत नाही. ते राजकारण चालते, आणि म्हाताऱ्या माणसाला बसचा थांबा मिळावा म्हणून लिहिलेला अर्ज मात्र राजकारण ठरतो! सोवळे पाळायचे तर दोन्हीकडे पाळा.

तिसरी सबब सगळ्यात गोड आहे: "वेळ आली की कोर्टात जाऊ." अहो, कोर्टात गेल्यावर पहिला प्रश्न हाच विचारतात की तुम्ही आधी संबंधित अधिकाऱ्याकडे गेला होता का, अर्जाची प्रत कुठे आहे, उत्तर काय आले. त्या वेळी आपल्या हातात काय असेल? चहाच्या वेळी केलेली चर्चा? आमच्या काउंटरवर एक पाटी असते, तुम्ही सगळ्यांनी वाचली आहे: पैसे काउंटर सोडण्यापूर्वी मोजून घ्यावेत, नंतर तक्रार चालणार नाही. ग्राहकाला ती पाटी उद्धट वाटते. पण त्यात सगळा कायदा आला. मोजायची वेळ काउंटरवर असते. घरी जाऊन मोजले, नोट कमी निघाली, तर नोट कमी होती की खिशातून पडली हे देवसुद्धा सांगू शकत नाही.

आत्ताच का लिहितो?

कारण पुढचे काउंटर उघडले आहे. मध्य प्रदेश सरकारने २००५ मध्ये राज्य परिवहन महामंडळ बंद करण्याचे ठरवले. पुढे या राज्यात गावोगावी जाणारी सरकारी बस उरली नाही. वीस वर्षांनी, एप्रिल २०२५ मध्ये, मंत्रिमंडळाने "मुख्यमंत्री सुगम परिवहन सेवा" मंजूर केली. गाड्या खासगी लोकांच्या, देखरेख सरकारी कंपन्यांची, आणि इंदूर, उज्जैन, ग्वाल्हेर अशा सात ठिकाणी विभागीय कंपन्या, असा तिचा आराखडा आहे. म्हणजे मार्ग ठरणार, थांबे ठरणार, वेळापत्रके ठरणार, भाडी ठरणार. जे एकदा ठरेल ते पुढची वीस वर्षे आपल्या पोरांना भोगावे लागेल.

आणि आपण काय करणार? पुन्हा चहा? पुन्हा बारा वर्षांनी टाळ्या?

इथे मला आपल्या वाडवडिलांची आठवण होते. आपली घराणी इथे कशी आली? होळकरांच्या राज्यात कोणी कारकून, कोणी फडणीस, कोणी मास्तर, कोणी वकील म्हणून आले. तलवार फार थोड्यांच्या हाती होती, बाकीच्यांच्या हाती लेखणी होती. कागद करावा तर मराठी माणसाने, अशी आपली ख्याती. त्याच घराण्यांतले आपण आज साधा अर्ज करायला कचरतो. पेन्शनचा कागद एका खुणेसाठी तीनदा परत आणणारे आमचे आजोबा लोक, बसच्या थांब्यासाठी एकदा सही करायला तयार नाहीत. नातवंडांना स्पर्धेत निबंध लिहायला लावतो, स्वतः हरकतीचे चार परिच्छेद लिहीत नाही. ही लाज कोणत्या सरकारने आपल्यावर लादलेली नाही. ती आपली स्वतःची कमाई आहे.

काय करायचे, ते थोडक्यात

फक्त टीका करून थांबणारा माणूस मला स्वतःला आवडत नाही. म्हणून मंडळापुढे पुढील सूचना ठेवतो.

पहिले: दोन सभासदांनी राजपत्रावर आणि हिंदी वर्तमानपत्रांच्या आतल्या पानांवर येणाऱ्या परिवहनाच्या जाहीर सूचनांवर लक्ष ठेवावे. आपण मथळे वाचतो, सूचना वाचत नाही, आणि तीस दिवस तिथेच संपतात. निवृत्त मंडळींना हे काम जमेल. नाही तरी पेपर ते दोनदा वाचतात!

दुसरे: कलम १०० खाली योजना निघाली, तर मंडळाची एक आणि सभासदांच्या स्वतंत्र अशा लेखी हरकती मुदतीत द्याव्यात. भाषा शांत, मुद्दे चार: मार्ग कुठून हवा, थांबा कुठे हवा, पहिली आणि शेवटची बस किती वाजता, म्हाताऱ्यांना चढायची सोय काय. प्रत्येक कागदाची पोच घ्यावी. पोच नसलेला कागद म्हणजे सही नसलेला चेक.

तिसरे: माहितीच्या अधिकाराचा कायदा २००५ पासून आहे. १० रुपयांत अर्ज होतो आणि साधारणपणे तीस दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. बीआरटीएस काढल्यावर त्या मार्गावरच्या बस किती, फेऱ्या किती, नवे थांबे कुठे, समितीच्या अहवालात प्रवाशांविषयी काय लिहिले आहे, हे मागवू या. बीआरटीएस पुन्हा बांधा असे मी म्हणत नाही. तिच्याऐवजी काय दिले, ते कागदावर दाखवा, एवढेच म्हणतो.

चौथे: परमिटच्या अटींत मंजूर भाडेपत्रक आणि वेळापत्रक बसमध्ये व थांब्यावर लावण्याची अट घालता येते. ते कुठे लावले आहे आणि कुठे नाही, याची नोंद आपली तरुण मुले महिनाभरात करू शकतील. भाडे ठरवण्याबाबत निर्देश देण्याचा अधिकार कलम ६७ ने राज्य सरकारकडे आहे. ठरलेले भाडे आणि घेतलेले भाडे यांत फरक दिसला, तर तिकिटासह तक्रार करावी.

पाचवे आणि शेवटचे: हे सगळे करूनही कोणी ऐकले नाही, तर जरूर उच्च न्यायालयात जाऊ. आपल्यात वकिलांची उणीव नाही. पण त्या दिवशी आपल्या फाइलमध्ये हरकत असेल, पोच असेल, उत्तर असेल किंवा उत्तर न दिल्याचा पुरावा असेल. तेव्हा आपण "एक त्रस्त नागरिक" राहणार नाही. ज्यांचे ऐकणे कायद्याने भाग होते आणि ज्यांचे ऐकले नाही, असे लोक म्हणून उभे राहू. या दोघांत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

ज्यांच्या दारात मोटार आहे, त्यांना हे सगळे निरुद्योगाचे वाटेल. त्यांना एवढेच विचारतो: डॉक्टर एक दिवस गाडी चालवायला मनाई करणारच आहेत. मुलगा पुण्याला असेल, सून बंगळूरला. त्या दिवशी तुम्हीही भंवरकुआच्या कोपऱ्यावर औषधांची पिशवी घेऊन उभे राहाल आणि कोणाला तरी विचाराल, माझी बस कुठे थांबणार?

काकूंना मी अजून उत्तर दिलेले नाही. परवा त्या भेटल्या. बस चालू आहे, पण आता ती गाड्यांच्या गर्दीतून येते, कुठे थांबेल याचा नेम नसतो आणि पायरी उंच आहे, असे म्हणाल्या. तक्रारीचा सूर नव्हता. सवय झाली होती. मला त्या सवयीचीच भीती वाटते.

पुढच्या मासिक बैठकीत हरकतीच्या नमुन्याचा मसुदा मी स्वतः लिहून आणतो. पहिली सही काकूंची घेणार आहे. दुसरी कोणाची, ते आपण ठरवावे.

आपला,
एक सभासद, इंदूर